भोकं कोणी पाडली?

(मोठ्या गटासाठी पाठ. लहान गटाच्या मुलांना आई-बाबांनी वाचून दाखवावा. शेवटी शब्दार्थ, प्रश्न आणि गृहपाठ आहे.)



चित्रपट संपला की पडद्यावर नावांची लांबलचक यादी सरकू लागते. आपण तेव्हा काय करतो? कोट घालतो, सीटखाली सांडलेले पॉपकॉर्नचे दाणे पायाने बाजूला सारतो आणि दाराकडे चालू लागतो. त्या यादीत दिवे लावणारे असतात, कपडे शिवणारे असतात, जेवण पुरवणारेही असतात. आपण वाचली नाहीत तरी त्यांची नावं तिथे लिहिलेली असतात.

आजचा पाठ अशा एका बाईंचा आहे, ज्यांनी या यादीतली निम्मीअधिक कामं एकटीने केली, आणि ती सुद्धा अशी यादी देण्याची रीतच नव्हती त्या काळात. त्यांचं नाव सरस्वतीबाई फाळके.

फाळके हे नाव तुमच्यापैकी काहींनी ऐकलं असेल. दादासाहेब फाळके म्हणजे भारतीय चित्रपटाचे जनक. त्यांचा जन्म ३० एप्रिल १८७० रोजी नाशिकजवळच्या त्र्यंबकेश्वरला झाला. १९१३ साली त्यांनी काढलेला ‘राजा हरिश्चंद्र’ हा पहिला पूर्ण लांबीचा भारतीय चित्रपट म्हणून ओळखला जातो. भारतात चित्रपटांसाठीचा सर्वात मोठा सरकारी सन्मान त्यांच्याच नावाने दिला जातो. सरस्वतीबाई त्यांच्या पत्नी. १९०२ साली त्यांचं लग्न झालं. पण हा पाठ ‘थोर माणसाची पत्नी’ असा नाही. एका कामकरी बाईचा आहे.

सुरुवात

१९११ च्या सुमाराची गोष्ट. फाळके तेव्हा मुंबईत राहत. छपाईच्या धंद्यात त्यांनी नाव कमावलं होतं, पण भागीदारांशी पटेना म्हणून ते त्यातून बाहेर पडले होते. गिरगावातल्या एका तंबूत त्यांनी येशू ख्रिस्ताच्या जीवनावरचा चित्रपट पाहिला. पडद्यावर ख्रिस्त चालताना पाहून त्यांच्या मनात आलं, असेच आपले राम आणि कृष्ण पडद्यावर का दिसू नयेत? मग ते सरस्वतीबाईंनाही तो चित्रपट दाखवायला घेऊन गेले.

पुढचे महिने घराला कठीण गेले. फाळके दिवसरात्र चित्रपट पाहत, प्रयोग करत. त्या ताणाने त्यांचे डोळे बिघडले आणि काही काळ जवळजवळ दिसेनासंच झालं. डॉक्टरांच्या उपचारांनी दृष्टी परत आली. पगार नव्हता आणि घरात लहान मुलं होती. घरातल्या वस्तू एकेक करून विकल्या गेल्या. आपल्या विम्याच्या पॉलिसीवर कर्ज काढून फाळके १ फेब्रुवारी १९१२ रोजी बोटीने निघाले. कुठे? आपण राहतो त्याच देशात, लंडनला!

लंडनमध्ये त्यांची ओळख कोणाशीच नव्हती. ‘बायोस्कोप’ नावाचं चित्रपटविषयक साप्ताहिक ते मुंबईत वाचत असत. त्याच्या संपादकांना ते थेट जाऊन भेटले. संपादकांनी त्यांना सेसिल हेपवर्थ यांच्या वॉल्टन स्टुडिओत पाठवलं. वॉल्टन-ऑन-थेम्स म्हणजे वॉटर्लूहून आगगाडीने साधारण अर्ध्या तासावरचं गाव. तिथे फाळके चित्रपट बनवायची रीत शिकले. ५० पौंडांना विल्यमसन कंपनीचा कॅमेरा घेतला. कच्ची फिल्म आणि फिल्मला भोकं पाडण्याचं यंत्र यांची मागणी नोंदवली, आणि १ एप्रिल १९१२ रोजी ते मुंबईला परत आले.

या दोन महिन्यांत घर कोणी चालवलं, ते वेगळं सांगायला नको.

हेपवर्थ यांच्याबद्दल एक गंमत. १९०५ साली त्यांनी ‘रेस्क्यूड बाय रोव्हर’ नावाचा छोटा चित्रपट काढला. हरवलेल्या बाळाला कुत्रा शोधून काढतो, अशी त्याची गोष्ट. ती हेपवर्थ यांच्या पत्नीने लिहिली. चित्रपटातली आई त्याच झाल्या. बाळ त्यांचं, कुत्राही त्यांचाच! म्हणजे चित्रपट हा सुरुवातीला इथेही घरचाच उद्योग होता.

दादरचं घर की कारखाना?

फाळक्यांचं घर तेव्हा दादरला होतं. यंत्रं आली आणि घराचा कारखाना झाला. पैसे देणाऱ्यांना पटावं म्हणून फाळक्यांनी आधी एक लहानशी फिल्म केली. कुंडीत वाटाणा पेरला आणि तो उगवून वेल होईपर्यंत रोज थोडं थोडं चित्रण केलं. पडद्यावर अंकूर बघता बघता वाढला! ती पाहून भांडवल मिळालं. तेही पुरेना, तेव्हा सरस्वतीबाईंचे दागिने कामी आले.

आता सरस्वतीबाईंची कामं एकेक करून पाहू.

पहिलं काम : फिल्मला भोकं पाडणं. जुन्या फिल्मच्या दोन्ही कडांना ओळीने बारीक भोकं असतात. कॅमेऱ्यातल्या चाकाचे दाते त्या भोकांत अडकतात आणि फिल्म पुढे ओढतात. भोक केसभर जरी सरकलं तरी पडद्यावर चित्र थरथरतं. त्या काळी कच्ची फिल्म भोकं न पाडलेली येत असे. ती घरी यंत्रात घालून पाडावी लागत. फिल्मला उजेड लागला की ती वाया जाते, म्हणून हे काम अंधारात करायचं. त्या वेळच्या फिल्मला लाल रंग ‘दिसत’ नसे, त्यामुळे लाल दिव्याचा मिणमिणता उजेड तेवढा चाले.

आता पाटी-पेन्सिल घ्या. ‘राजा हरिश्चंद्र’ची लांबी ३,७०० फूट होती. एका फुटात १६ चित्रं मावतात. प्रत्येक चित्राला एका बाजूला ४ आणि दुसऱ्या बाजूला ४, अशी ८ भोकं. गुणाकार करा.

३,७०० × १६ × ८ = ४,७३,६००.

म्हणजे पावणेपाच लाखांच्या जवळपास भोकं! आणि हा हिशेब फक्त एका प्रतीचा. चित्रण करताना वाया गेलेली फिल्म वेगळी, थिएटरात दाखवायची प्रत वेगळी. हे काम फाळक्यांनी सरस्वतीबाईंना शिकवलं आणि त्या ते करू लागल्या. दिवसभराचं घरकाम आवरल्यावर, रात्री.

दुसरं काम : चादर धरणं. तेव्हा चित्रीकरणाला विजेचे मोठे दिवे नव्हते, सगळी भिस्त सूर्यावर. पण सूर्य डोक्यावर आला की नटाच्या डोळ्यांखाली आणि नाकाखाली काळी सावली पडते. त्यावर उपाय म्हणजे समोरून पांढरी चादर धरायची. उन्हाचा उजेड चादरीवर आदळून नटाच्या चेहऱ्यावर पडतो आणि सावली मऊ होते. सरस्वतीबाई अशी चादर धरून तासन्‌तास उन्हात उभ्या राहत. नट सावलीला जाऊन बसले तरी त्यांना लगेच दुसरं काम असे.

तिसरं काम : फिल्म धुणं. ‘धुणं’ म्हटलं की आपल्याला कपडे आठवतात. पण चित्रपटवाले फिल्मही ‘धुतात’. चित्रण झालेली फिल्म आधी एका रसायनात बुडवायची म्हणजे चित्र उमटतं. मग पाण्यातून काढून दुसऱ्या रसायनात घालायची म्हणजे ते चित्र पक्कं होतं. पुन्हा भरपूर पाण्याने धुऊन वाळवायची. रसायनांचं प्रमाण चुकलं किंवा वेळ चुकली की दिवसभराची मेहनत पाण्यात. दिवसा चित्रण आणि रात्री घरीच धुलाई, असा फाळक्यांचा क्रम होता. रसायनं कालवायला आणि फिल्म धुवायला सरस्वतीबाई सोबत असत. तुकडे जुळवून चिकटवण्याच्या कामातही त्यांचा हात होता.

चौथं काम : सगळ्यांचं जेवण. कलाकार आणि कामगार मिळून साठ-सत्तर माणसं. त्यांचा स्वैपाक सरस्वतीबाई करत. त्यांचे कपडे आणि राहण्याझोपण्याची सोय हेही त्याच पाहत. शिवाय स्वतःची मुलं होतीच. थोरला भालचंद्र तर चित्रपटात हरिश्चंद्राचा मुलगा रोहिदास झाला होता.

तारामती व्हायला नकार

या चित्रपटात राणी तारामतीचं काम कोण करणार, हा मोठाच प्रश्न होता. तेव्हा चित्रपटात काम करणं कमीपणाचं समजत. कामगारांना फाळक्यांनी सांगून ठेवलं होतं, कोणी विचारलं तर ‘हरिश्चंद्राच्या फॅक्टरीत कामाला आहे’ असं सांगा! एकही स्त्री तारामती व्हायला तयार होईना. फाळक्यांनी सरस्वतीबाईंनाही विचारलं. त्या नाही म्हणाल्या. मी तोंडाला रंग लावून उभी राहिले तर बाकीची कामं कोण करणार, असा त्यांचा साधा हिशेब होता.

शेवटी ग्रँट रोडच्या एका हॉटेलात काम करणारे अण्णा साळुंके तारामती झाले. भारताच्या पहिल्या मोठ्या चित्रपटाची नायिका हा एक पुरुष होता.

थांबून विचार करा. पडद्यावर दिसायची संधी सरस्वतीबाईंकडे चालत आली होती. ती घेतली असती तर आज त्यांचं नाव आणि चेहरा आपल्याला पाठ असता. त्यांनी चादर निवडली. त्यांना पडद्यावर यावंसं वाटत होतं की नाही, ते आता कोणाला विचारता येणार नाही. पण चादर धरायला दुसरं कोणी नव्हतं, एवढं मात्र खरं.

चित्रीकरण सहा महिने आणि सत्तावीस दिवस चाललं. २१ एप्रिल १९१३ रोजी मुंबईच्या ऑलिंपिया थिएटरात निवडक पाहुण्यांना चित्रपट दाखवला गेला. ३ मे १९१३ रोजी गिरगावच्या कॉरोनेशन थिएटरात तो सर्वांसाठी लागला. लोकांनी गर्दी केली.

नंतर

त्याच वर्षी फाळके मंडळी नाशिकला राहायला गेली. नाशिकला केलेल्या पुढच्याच चित्रपटात, ‘मोहिनी भस्मासुर’मध्ये, दुर्गाबाई कामत आणि त्यांची मुलगी कमलाबाई यांनी काम केलं आणि पडद्यावर स्त्रिया आल्या. १९१७ साली ‘लंकादहन’ आला. त्यात अण्णा साळुंके राम आणि सीता दोन्ही झाले! १९१९ च्या ‘कालिया मर्दन’मध्ये फाळक्यांची मुलगी मंदाकिनी बाळकृष्ण झाली.

सगळेच दिवस चांगले नव्हते. १९१४ साली पहिलं महायुद्ध सुरू झालं आणि पैशाची चणचण आली. पुढे बोलपट आले, मूकपटांचे दिवस संपले. १९३७ साली आलेला ‘गंगावतरण’ हा फाळक्यांचा एकमेव बोलपट आणि शेवटचा चित्रपट. १६ फेब्रुवारी १९४४ रोजी नाशिकला त्यांचं निधन झालं. १९६९ सालापासून त्यांच्या नावाने पुरस्कार सुरू झाला.

सरस्वतीबाईंचं काम मात्र बराच काळ घरच्यांच्या आठवणींत आणि फाळक्यांच्या चरित्रांतल्या काही ओळींत राहिलं. २००९ साली परेश मोकाशी यांनी ‘हरिश्चंद्राची फॅक्टरी’ हा मराठी चित्रपट काढला. त्यात विभावरी देशपांडे यांनी सरस्वतीबाईंची भूमिका केली. जी बाई कधी पडद्यावर आली नाही, ती अशी सुमारे शंभर वर्षांनी पडद्यावर आली. हा चित्रपट घरी सगळ्यांनी मिळून जरूर पाहा. हसायलाही भरपूर येतं.

भाषेचा अभ्यास : कर्ता शोधा

आता पाठाच्या नावाकडे वळू. ही दोन वाक्यं वाचा.

१. फिल्मला भोकं पडली.
२. सरस्वतीबाईंनी फिल्मला भोकं पाडली.

क्रियापदात फरक फक्त एका कान्याचा! पण पहिल्या वाक्यात भोकं जणू आपोआप पडली. दुसऱ्या वाक्यात ती पाडणारं माणूस आहे. जो क्रिया करतो तो कर्ता. मराठीत अशा जोड्या पुष्कळ आहेत.

पडणं – पाडणं
फुटणं – फोडणं
तुटणं – तोडणं
सुटणं – सोडणं
गळणं – गाळणं
जळणं – जाळणं

तुमच्या हातून कप निसटला की तुम्ही आईला काय सांगता? ‘आई, कप फुटला.’ ‘मी कप फोडला’ असं कोणी म्हणतं का? म्हणजे कर्ता कसा लपवायचा, हे तुम्हाला चांगलंच ठाऊक आहे!

पण कधी कधी चांगल्या कामाचाही कर्ता आपण नकळत लपवतो. ‘स्वैपाक झाला.’ ‘कपडे धुऊन झाले.’ ‘चित्रपट तयार झाला.’ ही वाक्यं चूक नाहीत, रोजच्या बोलण्यात ती हवीतच. पण इतिहास लिहिताना अशीच वाक्यं लिहीत गेलं, तर काही माणसं वाक्यातून गळतात. गळतात, की आपण त्यांना गाळतो?

एक गोष्ट लक्षात ठेवा. काम होऊन गेलेलं असलं की अशा वाक्यात कर्त्याला ‘ने’ किंवा ‘नी’ लागतो : दादासाहेबांनी, सरस्वतीबाईंनी, अण्णांनी. अशा वाक्यात माणसाच्या नावाला हा ‘ने’ किंवा ‘नी’ लागलेला दिसला की समजायचं, काम करणारं माणूस सापडलं. ‘मी’ आणि ‘तू’ मात्र तसेच राहतात : मी कप फोडला, तू दार उघडलंस.

शब्दार्थ

जनक – एखादी गोष्ट सुरू करणारा, वडील
भागीदार – धंद्यात वाटा असणारा
भांडवल – धंदा सुरू करायला लागणारा पैसा
भिस्त – भरवसा
मिणमिणता – अगदी मंद उजेडाचा
मेहनत पाण्यात जाणं – केलेलं काम फुकट जाणं
चणचण – टंचाई, कमतरता
मूकपट – आवाज नसलेला चित्रपट
बोलपट – आवाज असलेला चित्रपट

‘चित्रपट’ हा शब्दही फोडून पाहा : चित्र + पट. पट म्हणजे वस्त्र, कापड. सरस्वतीबाईंच्या हातातली चादर हाही एक पटच!

प्रश्न

१. फाळके लंडनला कधी गेले आणि त्यांनी तिथून काय आणलं?
२. फिल्म धुताना दोन रसायनं कशासाठी लागतात?
३. उन्हात चित्रण करताना पांढरी चादर का धरतात?
४. सरस्वतीबाईंनी तारामतीचं काम का नाकारलं? तुम्ही त्यांच्या जागी असता तर काय केलं असतं? पाच वाक्यांत लिहा.
५. पुढील वाक्यांना कर्ता द्या आणि क्रियापद बदला : (अ) दिवाळीचे फटाके फुटले. (आ) चहा गाळून झाला. (इ) दाराची कडी तुटली. (ई) साठ माणसांचं जेवण तयार झालं.

करून पाहा

उन्हाच्या दिवशी (आपल्याकडे असा दिवस उगवला तर!) दुपारी बागेत ताईला किंवा दादाला उभं करा. तोंडावरची सावली पाहा. मग समोरून, कमरेच्या उंचीवर, पांढरी चादर तिरकी धरा. काय बदललं? आता दहा मिनिटं न हलता ती तशीच धरून ठेवा. हात किती दुखले, तेही वहीत लिहा.

गृहपाठ

आपल्या गणेशोत्सवाच्या नाटकाची जाहिरात नेहमी लागते. तीत लेखक, दिग्दर्शक आणि कलाकार यांची नावं असतात. या वेळी दुसरी यादी करू. खुर्च्या कोणी मांडल्या? साठ कप चहा कोणी केला? पडदा कोणी ओढला? भांडी कोणी घासली? नाटक पाहायला न येता बाहेर लहान बाळांना कोणी सांभाळलं? निदान पाच माणसांना भेटा, मराठीत विचारा आणि पूर्ण वाक्यात लिहून आणा. प्रत्येक वाक्यात कर्ता हवा. चांगल्या याद्या पुढच्या अंकात छापू.

पालकांसाठी दोन शब्द

मुलं तुम्हाला या पाठाविषयी विचारतील. तेव्हा आपल्या आजीची, आईची किंवा काकूची एखादी गोष्ट सांगा. दुकान आजोबांच्या नावाचं असेल, पण हिशेब आजी ठेवत असेल. परदेशी येताना विमानाचं तिकीट कोणाच्या बांगड्यांवर निघालं, हेही काही घरांत सांगण्यासारखं असेल. त्या व्यक्तीचं पूर्ण नाव मुलांना लिहायला सांगा, माहेरचं आणि सासरचं दोन्ही. फोनवर त्या बोलू शकत असतील तर मुलांनाच विचारू द्या. मराठी मोडकी असली तरी चालेल, आजीला कळते.